खळ, कसर आणि देवस्थळी बाई

आमच्या जयपूरच्या मराठी मंडळाच्या अंकासाठी देवस्थळी बाईंवर लिहा, असा कुलकर्णी वहिनींचा फोन आला तेव्हा मी विचारलं, "किती खरं लिहू?"

वहिनी हसल्या. "अहो, त्या आता कायमच्या इंदूरला भाचीकडे चालल्यात. चार चांगले शब्द लिहा की."

चार चांगले शब्द जमले तर येतीलच. मी मला आठवतंय ते लिहिते, वहिनींना जे काढायचं ते त्यांनी काढावं.

एक गोष्ट आधीच सांगून टाकते. माझी मुलगी डॉक्टर होणार होती. ती झाली नाही, आता होणारही नाही, आणि त्याला कारण ही बाई आहे. माझ्या नवऱ्याला हे पटत नाही. तो सुभेदार आहे, सीमेवर असतो, आणि तिथून घरातलं सगळंच शांत दिसतं.

मी जयपूरच्या मानसरोवर भागातल्या एका शाळेत ग्रंथपाल आहे. आमच्या प्राचार्या राठौड मॅडम कॉलेजात बाईंच्या विद्यार्थिनी होत्या. बाई प्राणिशास्त्र शिकवायच्या. निवृत्त झाल्यावर त्या स्वस्थ बसतील असं सगळ्या जयपूरला वाटलं असावं, पण राठौड मॅडमनी त्यांना आमच्या शाळेच्या जीवशास्त्राच्या कपाटाचं मार्गदर्शक नेमलं. मुलांनी कोणती पुस्तकं वाचावीत याची शिफारस करायची, एवढंच काम. मानधन नव्हतं. असतं तर बरं झालं असतं, निदान बंद करता आलं असतं.

बाई बुधवारी यायच्या. ठेंगण्या, ताठ, सुती सलवार-कमीज, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट आणि मनगटावर वडिलांचं पुरुषी घड्याळ. खांद्याला कापडी पिशवी. पिशवीत लाल पेन्सिल, कागदाच्या पट्ट्या आणि लोणच्याच्या जुन्या बरणीत घरी शिजवलेली कणकेची खळ, जिला इथे लेई म्हणतात. त्या आल्या की वाचनालयाला आंबूस वास यायचा आणि गेल्यावर दुसऱ्या दिवसापर्यंत राहायचा.

वडील पुण्याकडून नोकरीसाठी जयपूरला आले, बाई इथेच जन्मल्या. त्यामुळे त्यांची मराठी म्हणजे वडिलांची मराठी, ट्रंकेत घालून ठेवल्यासारखी. 'आवश्यकता नाही', 'अनुचित आहे' असं बोलायच्या आणि मध्येच 'मतलब' नि 'लेकिन' यायचं. मी साताऱ्याची. माझं बोलणं त्यांना रांगडं वाटायचं, हे त्यांनी मला पहिल्याच दिवशी सांगितलं. मला त्या कधी नावाने हाक मारत नसत. "अहो लायब्रेरियन," म्हणायच्या.

त्या पहिल्या बुधवारी मी नुकताच घेतलेला मुलांच्या ज्ञानकोशाचा संच टेबलावर मांडून ठेवला होता. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं, जाड पुठ्ठा. मला त्याचा अभिमान होता. बाईंनी प्राण्यांचा खंड उचलला, मधलं एक पान उघडलं आणि बोट ठेवलं.

"हे कोणी घेतलं?"

"मी. समितीने मंजूर केलं."

"समितीने उंट पाहिलाय?"

"मॅडम, जयपुरात राहून उंट कोणी पाहिला नाही?"

"वाचा. मोठ्याने."

मी वाचलं. उंट आपल्या कुबडात पाणी साठवून ठेवतो, असं लिहिलं होतं.

"चरबी," बाई म्हणाल्या. "कुबडात चरबी असते. परत पाठवा."

"शाळेचा शिक्का मारून झालाय. आता परत घेत नाहीत."

"मग चिठ्ठी लागेल."

आणि त्यांनी माझ्या नव्या कोऱ्या ज्ञानकोशाच्या मागच्या पुठ्ठ्याच्या आत, बोटाने खळ फासून, पट्टी चिकटवली. पान अमुक, काय चुकलं, काय बरोबर, खाली लाल पेन्सिलीत सही. पुढच्या काही बुधवारांत त्या संचाच्या प्रत्येक खंडाला अशा पट्ट्या लागल्या. काहींना इतक्या, की पुठ्ठा मिटेना. संच विकणारा एजंट एकदा दुसरं काही दाखवायला आला आणि त्यांच्या तावडीत सापडला. "मैडमजी, वो तो छपाई की गलती है," म्हणाला बिचारा.

"नाम किसका छपा है?"

"हमारी कंपनी का।"

"नाम आपका, गलती आपकी."

हे त्यांचं आवडतं वाक्य. मुलांना, शिक्षकांना, एकदा तर कँटीनवाल्याला ऐकवलं होतं, समोशात केस निघाला म्हणून.

मी त्यांना सांगितलं होतं, खळ वापरू नका. ग्रंथपालाला एक शत्रू कायमचा असतो, तो म्हणजे कसर. ते चंदेरी किडे पिठाच्या खळीवर जगतात, पुस्तकं पोखरतात. मी डांबराच्या गोळ्या टाकून, कपाटं उन्हात काढून त्यांना आटोक्यात ठेवलं होतं. "मॅडम, आमच्याकडे गोंद आहे. तो वापरा. खळीने कसर लागते, तुम्हाला तर माहीत असायला पाहिजे."

"माहीत आहे," बाई म्हणाल्या. "लागू दे. तुमच्या मुलांपेक्षा ती पुस्तकात जास्त आत जाते."

पावसाळ्यानंतर ज्ञानकोशाच्या तीन खंडांना कसर लागली. मी ते बाईंच्या पुढ्यात आपटले. त्यांनी भिंग काढलं, एक किडा कागदावर घेतला आणि सातवीच्या वर्गाला बोलावून अर्धा तास त्याच्यावर बोलल्या. पुस्तकांबद्दल एक शब्द नाही.

त्या वर्षी राठौड मॅडमनी बाईंकडे रीतसर शिफारस मागितली. उन्हाळ्याच्या सुट्टीत नववी ते बारावीच्या मुलांनी जीवशास्त्राची कोणती दहा पुस्तकं वाचावीत, ती नावं सूचना फलकावर लागली. पालकांनी पुस्तकं विकत घेतली. सुट्टी संपल्यावर पालकसभेत बाई उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, दहांपैकी काही पुस्तकं वाईट आहेत, चुकांनी भरलेली आहेत, ती मी जाणूनबुजून दिली होती, कोणती ते कोणत्या मुलाने ओळखलं?

मग एक टाइल्सचे व्यापारी उठले. लालबुंद झाले होते. "मतलब आपने मेरे बेटे को गलत किताब पढ़वाई?"

"जी."

"जानबूझकर?"

"जी. उसे पता चला?"

"उसे कैसे पता चलेगा! किताब है!"

"बस," बाई मुलांकडे वळून म्हणाल्या, "यही बीमारी है."

व्यापाऱ्यांनी मुलाला शाळेतून काढलं. राठौड मॅडमनी बाईंना काही म्हटलं नाही, मला मात्र विचारलं की मी आधी का तपासलं नाही. मी बाईंना गाठलं. कोणती वाईट ते निदान मला तरी सांगा, म्हटलं, मी ती कपाटातून काढते. त्या म्हणाल्या, "ज्या पुस्तकात मला एकही चूक सापडत नाही, ते मी नीट वाचलेलंच नाही असं मी मानते. तुम्ही किती वाचलीत?"

मी माझ्या टेबलावर परत गेले. मला दिवसभरात दोनशे मुलं सांभाळायची असतात.

आता माझ्या मुलीकडे येते. तन्वी तेव्हा अकरावीत होती, माझ्याच शाळेत. नवरा सीमेवर, आम्ही दोघी जयपुरात. तिने डॉक्टर व्हावं हे आमच्या घरात ती सहावीत असल्यापासून ठरलेलं. शाळा सुटली की कोचिंग, कोचिंगमध्ये सगळ्यात वरची बॅच. त्या बॅचमधली मुलं मेडिकलला लागतात, खालच्या बॅचमधली फी भरतात, असं इथे सरळ बोललं जातं. तन्वी वरच्या बॅचमध्ये होती. मी निश्चिंत होते.

बुधवारी कोचिंग उशिरा असायचं, म्हणून ती वाचनालयात माझ्याजवळ बसायची. तिथे ती बाईंच्या हाती लागली. पहिल्याच दिवशी ती त्यांना लाडाने "आजी" म्हणाली.

"मी कोणाची आजी नाही. मॅडम म्हण."

मला वाटलं, संपलं. पण तन्वीला त्या आवडल्या. पोरांचं काही सांगता येत नाही. बाईंची पद्धत अशी की पुस्तक द्यायचं, आणि त्यात ज्या जिवाबद्दल लिहिलंय तो जीव आठवडाभर स्वतः बघितल्याशिवाय पुढचं पुस्तक नाही. माझ्या घरात त्यामुळे मुंग्यांची रांग पुसायची बंदी आली. बाथरूममधली पाल कुठे अंडी घालते यावर जेवताना चर्चा. "मम्मी, झाडू मत मार ना, मतलब, मी बघतेय त्याला." अभ्यास करते आहे की नाही, विचारलं तर म्हणायची, हाच अभ्यास आहे.

मग ती जिभेची गोष्ट झाली. कोचिंगच्या पुस्तकात जिभेचा नकाशा होता. टोकाला गोड, कडेला आंबट-खारट, मागे कडू. आपण सगळे हेच शिकलो. बाईंनी तन्वीला मीठ, साखर आणि लिंबू देऊन स्वतःच्या जिभेवर ठेवून बघायला सांगितलं. टोकाला मीठही लागलं, लिंबूही लागलं, सगळंच लागलं. झालं. आठवड्याच्या चाचणीत जिभेवर प्रश्न आला. तन्वीने सगळे पर्याय चुकीचे ठरवले, गोल काळे करायच्या उत्तरपत्रिकेच्या मागे पट्टी लावली, पान अमुक, काय चुकलं, काय बरोबर, खाली सही. ती पट्टी तिने चिकटवली खळीने. बाईंनी तिला छोट्या डबीत दिली होती.

उत्तरपत्रिका मशीनमध्ये अडकली. मशीन बंद पडलं. कोचिंगच्या सरांनी तन्वीला शून्य दिलं आणि सगळ्यात खालच्या बॅचमध्ये टाकलं.

मी दुसऱ्या दिवशी रिक्षा करून सी-स्कीम भागात बाईंच्या घरी गेले. बाई एका जुन्या घराच्या तळमजल्यावर राहायच्या, एका बाजूला बँक, दुसऱ्या बाजूला चष्म्याचं दुकान. दार उघडून त्यांनी "या" म्हटलं नाही, फक्त बाजूला झाल्या. भिंतभर पुस्तकं. ती विषयाने नाही, चुकांच्या संख्येने लावलेली होती. सर्वांत चुकीची खाली. खालचे कप्पे भरलेले, वरचा जवळजवळ रिकामा.

"तन्वीची उत्तरपत्रिका मशीनमध्ये अडकली," मी उभ्यानेच म्हटलं.

"कशाने?"

"तुमच्या खळीने."

बाईंनी विचार केला. "जाड लावली असेल. पातळ लावायची असते. सांगितलं होतं मी तिला."

"मॅडम, तिला शून्य मिळालंय. ती शेवटच्या बॅचमध्ये गेलीये."

"प्रश्न चुकीचा होता?"

"असेल."

"असेल नाही. होता का?"

"मी इथे जिभेबद्दल बोलायला आलेली नाही."

"तन्वी जिभेबद्दल बोलत होती. तुम्ही कशाबद्दल बोलताय?"

"तिच्या आयुष्याबद्दल!"

"ते पुस्तक मी वाचलेलं नाही," बाई म्हणाल्या. "त्यावर मत देणं अनुचित आहे."

मी निघाले. जून महिना होता, तन्वी नुकतीच बारावीत गेलेली. जयपूरचा जून. त्या बाईने मला पाणीसुद्धा विचारलं नाही.

मी तन्वीला बजावलं, बाईंचं नाव घरात नको. पण बुधवारी मीच वाचनालयात असायचे, तीही असायची आणि बाईही यायच्या. शाळेतून कोणाला हाकलणार? मी एवढंच केलं की त्यांच्या टेबलाला पाठ करून बसायला लागले. त्यामुळे पुढची गोष्ट मी आधी ऐकली, मग वळून बघितली.

बाईंचं स्वतःचं एक पुस्तक होतं. हिंदीत, राजस्थानातल्या घरांभोवती दिसणाऱ्या लहानसहान जिवांवर. बरंच जुनं, पण अजून शाळाशाळांतून आहे. आमच्याकडे दोन प्रती होत्या. बाईंनी त्याची कधी शिफारस केली नव्हती आणि त्याला एकही चिठ्ठी नव्हती. तन्वीने त्यातली एक प्रत नेली होती. त्याच सुमारास आमच्या क्वार्टरच्या व्हरांड्यात, मीटरच्या पेटीमागे, एक मोठा चपटा कोळी राहायला आला होता. तिने त्याला आठवडाभर बघितलं. मला न विचारता माझा फ्रीजमधला पारदर्शक डबाही त्याच्यासाठी वापरला.

"मॅडम," तन्वी म्हणाली, "तुमच्या किताबमध्ये चिठ्ठी नाहीये."

"आवश्यकता नाही."

"पण, मतलब, हे चित्र बघा ना. कोळ्याचे आठ पाय आहेत, ठीक आहे. पण मागचे चार पोटातून निघालेले दाखवलेत. माझ्याकडचा आहे ना, त्याचे आठही पाय पुढच्या भागातून निघतात. पोटाला एकही नाही. मी तीनदा बघितलं."

मी वळले. बाईंनी पुस्तक हातात घेतलं, डोळ्यांजवळ नेलं. भिंग काढलं नाही. लागलं नसावं.

"चित्रकाराने काढलंय," त्या म्हणाल्या. "मी चित्रकार नाही."

तन्वी अजून हसतच होती, तिला वाटलं गंमत चाललीये. "पण मॅडम, तुम्हीच म्हणता ना. नाव ज्याचं, चूक त्याची."

बाईंनी पुस्तक मिटलं. पेन्सिल पिशवीत टाकली, बरणीचं झाकण लावलं आणि उठल्या. दारात भंवरजी शिपाई चहा घेऊन उभे होते, त्यांच्या बाजूने निघून गेल्या. पुढच्या बुधवारी आल्या नाहीत. त्याच्या पुढच्याही नाही. आल्याच नाहीत.

खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला. जगभराच्या चुका वेचणाऱ्या बाईला स्वतःची एक गिळता आली नाही. तन्वी मात्र प्रत्येक बुधवारी दाराकडे बघायची. एकदा सी-स्कीमला जाऊन आली. दार उघडलं नाही. आतून पंख्याचा आवाज येत होता, म्हणाली. त्या रात्री ती रडली आणि मी तिला सांगितलं, बघ, अशी असतात ही माणसं, दुसऱ्याची परीक्षा घेणारी. आता पुस्तक उघड आणि त्यात लिहिलंय ते पाठ कर.

तिने केलं. पुढचं वर्षभर एक शब्द न बोलता केलं. एकेक बॅच वर चढत परत सगळ्यात वर गेली. प्रवेश परीक्षा दिली. निकाल आला, आणि सरकारी मेडिकल कॉलेजमध्ये सीट मिळाली. जयपुरात नव्हे, पण राजस्थानातच. नवऱ्याने सीमेवर मिठाई वाटली. मी मंडळात पेढे वाटले, कुलकर्णी वहिनींना आठवत असेल.

तन्वीने सीट घ्यायला नकार दिला.

पुण्यात प्राणिशास्त्राला प्रवेश घेणार म्हणाली. मी ओरडले, नवऱ्याने फोनवरून समजावलं, पुण्याच्या माझ्या दिरांनी समजावलं. ती शांतपणे म्हणायची, "मम्मी, डॉक्टर तर खूप लोक होतायत ना." सीट पक्की करायची मुदत संपायच्या दिवशी ती घरी खोलीत बसून होती आणि मी वाचनालयात. माझं कामात लक्ष नव्हतं. संध्याकाळपर्यंतच वेळ होता.

दुपारी भंवरजी आले. "मैडमजी आई हैं. डिब्बा लेकर."

वर्षभराने बाई दारात उभ्या होत्या. बूट तेच, पिशवी तीच. काठी नवी होती. नमस्कार वगैरे काही नाही. "माझ्या पुस्तकाच्या दोन्ही प्रती काढा."

मी काढल्या. त्या माझ्याच टेबलावर बसल्या आणि पट्टी लिहायला लागल्या. हात आता हलत होता. मी समोर उभी राहिले. मला माझा स्वाभिमान आहे, पण मुदत संध्याकाळपर्यंतच होती.

"मॅडम, तन्वीला मेडिकलची सीट मिळालीये."

"ऐकलं."

"नको म्हणतेय."

"तेही ऐकलं."

"आमचं ऐकत नाही. तुमचं ऐकेल. एक फोन करा. घे म्हणावं. एवढं तर तुम्ही तिचं देणं लागता."

बाईंनी लिहिणं थांबवलं नाही. "मी सांगितलं तर ऐकेल?"

"ऐकेल. मला माहीत आहे."

"मग नाही सांगणार."

"का?"

"मी पुस्तकांची शिफारस करते. तीही चुकीची करते, तुमच्या राठौडला विचारा."

माझ्या तोंडात साताऱ्याचं काय काय आलं होतं. मी ते गिळलं. बाईंनी बरणी उघडली. मी गोंदाची बाटली त्यांच्या पुढे आपटली. "हे वापरा. खळीने कसर लागते."

त्यांनी बाटलीकडे बघितलं आणि चक्क ती घेतली. "पातळ आहे," म्हणाल्या. पट्टी चिकटवली. मग पुस्तक माझ्याकडे वळवलं.

"वाचून बघा. बरोबर आहे?"

चिठ्ठीत लिहिलं होतं: कोळ्याच्या चित्रात मागचे पाय पोटातून निघालेले दाखवले आहेत, ही चूक आहे. कोळ्याचे सहाही पाय शरीराच्या पुढच्या भागातून निघतात. पोटाला पाय नसतात. चूक लेखिकेची.

सहीची जागा मोकळी होती.

"बरोबर आहे," मी म्हटलं.

"नीट वाचलंत?"

"हो, वाचलं!"

बाईंनी क्षणभर माझ्याकडे बघितलं. तसंच, ज्ञानकोशाच्या त्या पहिल्या दिवशी बघितलं होतं तसं. मग दुसऱ्या प्रतीलाही तशीच पट्टी लावली आणि बरणीचं झाकण घट्ट केलं. "सही जिने चूक पाहिली तिची लागेल. माझी नाही चालणार."

"ती पुण्याला चाललीये. तुमच्या कृपेने."

"मग जायच्या आधी करून घ्या."

त्या उठल्या. त्यांना जाताना मी खिडकीतून बघितलं. फाटकापाशी त्यांनी ई-रिक्षा थांबवली, ड्रायव्हरशी काहीतरी वाद घातला, हातातल्या काठीने रिक्षावर रंगवलेला मोर दाखवला. बहुधा त्याच्या पिसाऱ्यात काही चुकलं होतं. मग बसल्या. त्यानंतर मी त्यांना पाहिलेलं नाही.

मी तन्वीला फोन केला. बाईंसाठी नव्हे. शाळेत इंटरनेट चांगलं आहे. सहीच्या निमित्ताने आली की इथेच समोर बसवून सीट पक्की करून घेऊ, असा माझा विचार होता. फॉर्मचं पान मी उघडून ठेवलं होतं.

तन्वी धावत आली. पुस्तक उघडलं, मी पुढे केलेलं पेन हातात घेतलं आणि सही करायच्या आधी वाचलं. मग हसायला लागली. वर्षभरात मी तिला तसं हसताना ऐकलं नव्हतं.

"मम्मी, हे तू वाचलंस?"

"वाचलं."

"मम्मी. सहा?"

मी पुस्तक ओढून घेतलं. सहाही पाय. प्राणिशास्त्र शिकवण्यात जन्म घालवलेल्या बाईने कोळ्याला सहा पाय लिहिले होते, दोन्ही प्रतींत, आणि मी त्यांच्या तोंडावर बरोबर आहे म्हणून सांगितलं होतं.

तन्वीने माझ्या ड्रॉवरमधून कागद काढला, दोन पट्ट्या कापल्या. चिठ्ठीत चूक, पाय सहा नव्हेत, आठ. खाली सही केली. गोंद पातळ लावला. बाईंच्या पट्टीवर आपली पट्टी इतकी सरळ बसवली की कड दिसत नाही. मग दुसरी प्रत घेतली. बाजूला संगणकावर फॉर्मचं पान उघडं होतं, कोपऱ्यात मुदतीची वेळ लुकलुकत होती. मी तिकडे बघत होते. तिने एकदाही बघितलं नाही. भंवरजींनी वाचनालयाच्या खिडक्या लावायला घेतल्या तेव्हा ती दुसऱ्या पट्टीवरून अंगठा फिरवत होती.

तन्वी पुण्यात आहे. मी अजून रागावलेली आहे आणि राहणार आहे.

बाईंनी ते सहा मुद्दाम लिहिले की हात थरथरत होता तसं डोकंही चुकलं, मला माहीत नाही. तन्वी म्हणते मुद्दाम. नवरा म्हणतो वय झालं. इंदूरचा नंबर कुलकर्णी वहिनींकडे आहे, पण मी विचारणार नाही, आणि बाई सांगायच्या नाहीत. दोन्ही प्रती कपाटात आहेत. परवा कपाट उन्हात काढलं तेव्हा बघितल्या. बाकी सगळ्या चिठ्ठ्यांना कसर लागली आहे. या दोन्हींना नाही.